मुलाचं मनगट मोडलं, एका ठिकाणी ग्रीनस्टिक म्हणाले आणि दुसरीकडे साल्टर हॅरिस टाईप २, नक्की काय समजायचं?

आई_इंदिरानगर

नमस्कार, जरा लांबलचक लिहितेय पण वाचा प्लीज, चार दिवस झाले नुसतं डोकं भणभणतंय. माझा मुलगा नऊ वर्षांचा. गेल्या रविवारी सकाळी जॉगिंग ट्रॅकच्या बाजूच्या रस्त्याला सायकल चालवत होता, समोर कुत्रं आडवं आलं म्हणून याने करकचून ब्रेक मारला तो नेमका पुढचा, आणि हँडलवरून पुढे फेकला गेला, पडताना उजवा हात टेकला. उठला, म्हणाला काही नाही झालं आई, आणि दोनच मिनिटांत मनगट टम्म. बाजूने बघितलं तर मनगटाच्या वरच्या अंगाला उंचवटा, पळीचा दांडा वाकलेला असतो ना तसा आकार. माझ्या पोटात गोळाच आला.

जवळच्या दवाखान्यात गेलो, त्यांनी एक्सरे काढला, खिडकीकडे धरून बघितला आणि म्हणाले ग्रीनस्टिक आहे, मुलांमधे कॉमन आहे, कच्चं प्लास्टर घालून दिलं आणि तीन आठवड्यांनी या म्हणाले. मनाचं समाधान होईना म्हणून दुसऱ्या दिवशी मुलांची हाडं बघणाऱ्या डॉक्टरांना दाखवलं. त्यांनी तेच एक्सरे बघून सांगितलं की हे ग्रीनस्टिक नाही, ग्रोथ प्लेटमधून गेलेलं फ्रॅक्चर आहे, साल्टर हॅरिस टाईप २, टोक मागे सरकलंय ते बसवावं लागेल. त्याच दिवशी भूल देऊन बसवलं आणि कोपराच्या वरपर्यंत प्लास्टर घातलं. पोरगं आता बरं आहे, डाव्या हाताने पोहे खातोय आणि प्लास्टरवर मित्रांच्या सह्या घेतोय, झोप माझीच उडालीय.

एकाच फोटोला दोन नावं कशी काय? आणि टाईप २ म्हणजे १ पेक्षा वाईट आणि ५ पेक्षा बरं असं असतं का, की त्या नंबरचा अर्थच वेगळा आहे? रात्री मोबाईलवर वाचत बसले तर 'हाडाची वाढ थांबू शकते' एवढं एकच वाक्य डोक्यात राहिलं. त्यात सासूबाई म्हणतात प्लास्टर काढून गावाकडच्या हाडवैद्याकडे लेप लावून बांधून घेऊ, त्यांच्या माहेरी सगळे तिकडेच जातात. डॉक्टर चांगलं बोलले पण ओपीडीत एवढी गर्दी होती आणि मलाच काय विचारायचं ते सुचत नव्हतं. कोणी समजेल अशा भाषेत सांगेल का?

दोन_मुलींची_आई

ताई आधी एक मोठा श्वास घ्या. मुलांची हाडं फार पटकन जुळतात, मी हे अनुभवाने सांगते. माझी धाकटी पावणेदोन वर्षांची असताना बागेत घसरगुंडीवर मी तिला मांडीवर घेऊन घसरले, एकटी सोडायला भीती वाटत होती म्हणून, आणि तिच्या बुटाचं रबर घसरगुंडीच्या कडेला अडकलं, माझं वजन खाली आणि तिचा पाय तिथेच. जरा रडली आणि गप्प झाली. पण संध्याकाळपासून पाय टेकवेना, उभं केलं की मटकन बसायची. एक्सरे काढला तर काहीच नाही, नॉर्मल. डॉक्टर म्हणाले एक्सरेत दिसत नसलं तरी पाय टेकत नाही म्हणजे नडगीच्या हाडाला बारीक पीळदार तडा असणार, या वयात चालायला शिकणाऱ्या मुलांना होतो, त्याला नावच टॉडलर्स फ्रॅक्चर आहे. प्लास्टर घातलं आणि दहा-बारा दिवसांनी परत एक्सरे काढला तेव्हा हाडाच्या कडेने नवीन हाडाची पांढरी रेघ आलेली, तेव्हा पटलं. आता चौथीला आहे, खो खो खेळते.

तेव्हा नावाला घाबरू नका, आणि टाईप २ हलकंच असतं असं ऐकलंय. आणि बाकीच्या आयांनो, लेकराला मांडीवर घेऊन घसरगुंडीवर बसू नका, मी तेव्हापासून दिसेल त्या आईला सांगते.

ऑर्थो_रेसिडेंट

मी ऑर्थोपेडिक्सला तिसऱ्या वर्षाला आहे, ड्युटीवरून आल्यावर लिहितोय म्हणून थोडं विस्कळीत होईल. एक्सरे बघितल्याशिवाय तुमच्या मुलाबद्दल खात्रीने बोलणार नाही, पण नावांचा गोंधळ मला सोडवता येईल आणि तो सोडवायलाच हवा, कारण त्या नावात पुढचे सहा महिने काय करायचं ते लिहिलेलं असतं.

आधी ग्रीनस्टिक. द्राक्षबागेत कधी गेला असाल तर वेलीची वाळलेली काडी मोडून बघा, काट्कन दोन तुकडे होतात. तेच हिरवी फूट वाकवली तर बाहेरच्या बाजूने तंतू फाटतात आणि आतली बाजू नुसती वाकते, साल चिकटलेलीच राहते. मुलांच्या हाडावरचं आवरण जाड असतं आणि हाड लवचिक, त्यामुळे त्यांचं हाड असं अर्धवट मोडतं, त्याला ग्रीनस्टिक म्हणायचं. त्याहून सौम्य म्हणजे टोरस किंवा बकल, त्यात हाड मोडतच नाही म्हटलं तरी चालेल, दाबलं जाऊन कडेला फुगतं, देवळातल्या खांबाच्या बुडाशी गोल फुगीर कंगोरा असतो तसं दिसतं. आणि एक प्रकार असा की कुठेच तडा नाही पण अख्खं हाड धनुष्यासारखं वाकलंय, हा फार वेळा नजरेतून सुटतो. हे सगळे प्रकार हाडाच्या दांड्याचे नाहीतर दांडा आणि टोक यांच्या मधल्या भागाचे. पंचाईत अशी की बोलण्यात मुलांच्या कुठल्याही साध्या फ्रॅक्चरला सर्रास ग्रीनस्टिक म्हटलं जातं, तुमच्या पहिल्या दवाखान्यात तसंच झालं असावं, किंवा समोरचाच फोटो नीट बघितला गेला असेल, कारण समोरून टोक जागेवर दिसू शकतं आणि मागे सरकलेलं फक्त बाजूच्या फोटोत कळतं.

आता ग्रोथ प्लेट. मुलांच्या लांब हाडाच्या टोकाशी कूर्चेची एक पातळ चकती असते, हाड लांबीला वाढतं ते तिथून. कूर्चा एक्सरेत दिसत नाही म्हणून ती चकती काळ्या रेघेसारखी दिसते, आणि नवखा माणूस तिलाच फ्रॅक्चर समजतो. ही चकती आजूबाजूच्या लिगामेंटपेक्षा, म्हणजे सांधा धरून ठेवणाऱ्या पट्ट्यांपेक्षा कमजोर. म्हणजे ज्या पडण्याने तुमचं आमचं मनगट नुसतं मुरगळेल त्याच पडण्याने नऊ वर्षांच्या मुलाची चकती सरकते. म्हणूनच वाढत्या मुलाला 'मुरगळलंय, शेकून काढा' असं सहज म्हणू नये.

या चकतीच्या फ्रॅक्चरचे पाच प्रकार टोरांटोच्या मुलांच्या हॉस्पिटलमधल्या साल्टर आणि हॅरिस या दोन डॉक्टरांनी १९६३ साली मांडले, आणि साठ वर्षं होऊन गेली तरी रोजच्या कामात आम्ही तेच वापरतो. मनगट डोळ्यासमोर आणा, वर दांडा, मधे चकती, खाली टोपीसारखं टोक आणि त्याखाली सांधा. टाईप १ म्हणजे तडा फक्त चकतीतून आडवा गेला. टोक हललं नसेल तर एक्सरे चक्क नॉर्मल दिसतो, बोटाने नेमकं चकतीवर दाबल्यावर मूल कळवळतं त्यावरून ओळखायचं. टाईप २ मधे तडा चकतीतून जाता जाता दांड्याकडे वळतो आणि दांड्याचा एक तिकोनी टवका टोकाबरोबर घेऊन जातो. तुमच्याकडचा बाजूचा फोटो उजेडाकडे धरा, मनगटाच्या मागच्या अंगाला तुरीच्या डाळीएवढा तिकोनी तुकडा दिसतोय का बघा, असेल तर त्या तुकड्यानेच दुसऱ्या डॉक्टरांना टाईप २ सांगितलं. टाईप ३ मधे तडा उलटा, खाली सांध्याकडे वळतो. टाईप ४ दांडा, चकती, टोक तिन्ही चिरत थेट सांध्यात. आणि टाईप ५ म्हणजे चकती चिरडली जाते, तो त्या दिवशी दिसतच नाही, काही महिन्यांनी हाड वाढत नाहीये असं लक्षात आल्यावर मागे वळून म्हणायचं की हो, तेव्हा चिरडली होती.

यात सगळ्यात जास्त भेटतो तो टाईप २, चारात तीन वेळा तोच. आणि त्याचं बहुतेक वेळा चांगलं होतं याला कारण आहे. चकतीतल्या ज्या पेशी विभागून हाड वाढवतात त्या टोकाच्या बाजूला असतात, त्यांना रक्तही टोकाकडूनच येतं. टाईप १ आणि २ मधे तडा जातो तो सहसा दांड्याच्या बाजूच्या कमजोर थरातून, त्यामुळे वाढणाऱ्या पेशी शाबूत राहतात. ३ आणि ४ मधे तडा त्या पेशींनाच कापतो, वर सांध्याचा पृष्ठभाग पण दुभंगतो, मग तो मिलीमीटरचा हिशोब करून जुळवावा लागतो, नाहीतर चकतीच्या आरपार हाडाचा पूल तयार होतो आणि तेवढ्या भागाची वाढ अडकते.

पण वरच्या ताई म्हणाल्या 'टाईप २ हलकंच असतं', ते मी असंच सोडणार नाही. कुठल्या हाडाचं टाईप २ ते बघायचं. मनगटाला रेडियसच्या, म्हणजे कोपराखालच्या हातातल्या अंगठ्याकडच्या हाडाच्या, चकतीला मार लागून वाढ अडकण्याचं प्रमाण शंभरात चार-पाच इतकं. तेच गुडघ्याच्या वर मांडीच्या हाडाच्या खालच्या टोकाला असेल तर चकती सपाट नसून नागमोडी असते, सरकताना तिचे उंचवटे एकमेकांवर घासून चिरडतात, त्यामुळे तिथे टाईप २ असलं तरी धोका कितीतरी मोठा, ते मूल आम्ही वर्ष-दोन वर्षं नजरेखाली ठेवतो. नंबर तोच पण जागा बदलली की त्याचं वजन बदलतं.

भाचा_सातपूर

मधेच विचारतो, माफ करा. माझ्या भाच्याला, वय सात, मागच्या महिन्यात मनगटाला टोरस फ्रॅक्चर सांगितलं आणि प्लास्टर घातलंच नाही, नुसतं क्रेप बँडेज बांधून घरी पाठवलं. बहीण आमची खूप चिडली होती की पैसे नाहीत म्हणून असं केलं का. फ्रॅक्चर आहे आणि प्लास्टर नाही, हे कसं?

ऑर्थो_रेसिडेंट

दादा, बहिणीला सांगा की योग्यच केलंय. टोरसमधे हाडाची दोन टोकं सुटलेलीच नसतात, त्यामुळे सरकायला काही नसतं. ब्रिटनमधे ९६५ मुलांवर अभ्यास करून २०२२ साली छापलाय, काहींना स्प्लिंट किंवा प्लास्टर आणि काहींना नुसतं बँडेज, तिसऱ्या दिवशी दुखण्यात फरक नाही आणि पुढे हाताच्या वापरातही फरक नाही. पण ते टोरसच आहे याची खात्री हवी. एक बाजू फुगलीय आणि दुसऱ्या बाजूला बारीक फट आहे असं असेल तर ते ग्रीनस्टिक झालं, ते प्लास्टरशिवाय ठेवलं तर हळूहळू वाकतं. वर्गीकरणाचा रोजच्या कामात हाच उपयोग, नाव एका शब्दाने चुकलं की उपचार बदलतो.

एक्सरे_टेक्निशियन

मी चौदा वर्षं एक्सरे काढतोय, डॉक्टर नाही, त्यामुळे माझं मत एक्सरेपुरतंच. ताई, तुम्ही म्हणता एका फोटोला दोन नावं, तर मला आधी हे विचारायचंय की पहिल्या दवाखान्यात बाजूचा फोटो खरंच बाजूचा आला होता का? दुखणारा हात मूल वळवू देत नाही, आई रडते, बाबा म्हणतात लवकर करा, आणि मग फोटो तिरका येतो. तिरक्या फोटोत सरकलेलं टोक सरळ दिसतं. मी अशा वेळी हात फिरवतच नाही, हात टेबलावर तसाच ठेवतो आणि मशीनची ट्यूब फिरवून आडवी घेतो. दोन फोटो एकमेकांशी काटकोनात, आणि दांड्याचं फ्रॅक्चर असेल तर वरचा आणि खालचा दोन्ही सांधे फोटोत यायला हवेत. एवढं नीट झालं तर निम्मे गोंधळ होतच नाहीत.

मनगट त्यामानाने सोपं, खरी परीक्षा कोपराची. कोपरात हाडाची सहा ठिकाणं अशी की ती जन्मताना कूर्चा असतात आणि ठराविक क्रमाने एकेक करून एक्सरेत उगवतात, साधारण पहिल्या, तिसऱ्या, पाचव्या, सातव्या, नवव्या आणि अकराव्या वर्षी, मुलींमधे थोडं आधी. वर्षं पुढेमागे होतात पण क्रम सहसा बदलत नाही. आतल्या अंगाचा गोळा, ज्याला मेडियल एपिकॉन्डाईल म्हणतात, तो पाचव्याच्या सुमारास येतो आणि ट्रॉक्लियाचा, म्हणजे दंडाच्या हाडाच्या सांध्यातल्या कप्पीसारख्या भागाचा, सातव्याच्या सुमारास. आता समजा सांध्याच्या जागी ट्रॉक्लियासारखा ठिपका दिसतोय पण आतल्या अंगाचा गोळा त्याच्या जागेवर नाही, तर तो ठिपका ट्रॉक्लिया नाहीच, आतला गोळा तुटून सांध्यात जाऊन बसलाय. अशी एक मुलगी आमच्याकडे आली होती, जिम्नॅस्टिक करताना पडलेली. बाहेरच्या फोटोवर सगळं ठीक वाटत होतं, आमच्या सरांनी दोन मिनिटं फोटोकडे बघितलं, बोटाने एक दोन तीन मोजलं आणि म्हणाले तिसरा कुठे गेला. त्याच दिवशी ऑपरेशन झालं तिचं. म्हणून शंका असेल तर डॉक्टर कधीकधी दुसऱ्या, चांगल्या हाताचा पण फोटो मागतात, तेव्हा पालकांनी 'उगाच रेडिएशन कशाला' म्हणून भांडू नये, हाता-मनगटाच्या फोटोचा डोस फारच थोडा असतो.

अजून एक, एक्सरेचा मोबाईलवर काढलेला फोटो ट्यूबलाईटच्या उजेडात, वर खिडकीचं प्रतिबिंब, असा पाठवून मत मागू नका. डाळीएवढा टवका त्यात दिसणारच नाही. सेंटरकडून सीडी किंवा मूळ फाईल मागून घ्या, मिळते.

येवलेकर_पतंगवाला

ताई, तुमच्या सासूबाईंचा मान ठेवून सांगतो, हाडवैद्याकडे नेऊ नका. मी मूळ येवल्याचा. आमच्याकडे संक्रांतीचे तीन दिवस आख्खं गाव गच्चीवर असतं हे तुम्हाला माहीतच असेल. मी आठ वर्षांचा होतो, चुलतभावाच्या पतंगाची आसारी, म्हणजे मांजाची फिरकी, धरून मागे मागे सरकत होतो, लक्ष सगळं वर, आणि गच्चीला तेव्हा कठडा नव्हता. शेजारच्या पत्र्यावर आणि तिथून खाली. डावं कोपर. घरातल्या मोठ्यांनी प्रेमापोटीच नेलं, गावाबाहेरच्या एकांकडे, त्यांनी हात ओढला, कसलासा लेप लावला, बांबूच्या कामट्या लावून सुतळीने इतकं घट्ट बांधलं की रात्री बोटं थंडगार आणि वांग्यासारखी जांभळी झाली. मी ओरडत होतो आणि सगळे म्हणत होते हाड जुळताना दुखणारच. पहाटे माझी आत्या, ती नर्स होती, नाशिकहून आली, तिने बोटं सरळ करायला घेतली आणि मी किंचाळलो, तेवढ्यावर तिने कुणाला न विचारता कात्रीने सुतळी कापली आणि मला उचलून सिव्हिलला आणलं. हात वाचला. पण हाड वाकडं जुळलं ते जुळलंच, आज चाळीशीत आहे, दोन्ही हात समोर सरळ धरले की डावा कोपरातून आत वळलेला दिसतो. काम सगळं होतं, पण लहानपणी शर्टाची बाही कायम लांब घालायचो.

ही गोष्ट मी कोणाला सहसा सांगत नाही. तुमचं पोरगं नऊ वर्षांचं आहे म्हणून लिहिलं.

ऑर्थो_रेसिडेंट

दादा, तुमच्या आत्याने तेव्हा जे केलं ते आम्हाला आजही पहिल्या दिवशी शिकवतात. बोटं हळूच सरळ केल्यावर असह्य दुखणं, दुखणं औषधाने कमी न होता वाढत जाणं, बोटं फिकी किंवा निळी, मुंग्या, बधीरपणा, यातलं काहीही दिसलं तर पट्टी असो की प्लास्टर, आधी ते मोकळं करायचं आणि मग बाकीचं. आत सूज वाढून स्नायूंचा रक्तपुरवठा बंद पडतो, काही तासांत स्नायू मरतात आणि बोटं कायमची आखडतात. हॉस्पिटलच्या प्लास्टरमधे पण हे होऊ शकतं, म्हणून ताई तुम्हालाही सांगतो, पहिले दोन-तीन दिवस हात उशीवर उंच ठेवायचा आणि बोटं हलतात का, गरम आहेत का हे रात्री उठून बघायचं असतं. तुमचे ते दिवस गेलेत, तरी यापुढेही असं काही जाणवलं तर वाट न बघता हॉस्पिटल गाठायचं.

तुमचं कोपर म्हणजे बहुतेक सुप्राकॉन्डायलर, दंडाच्या हाडाचं कोपराच्या जरा वरचं फ्रॅक्चर, पाच ते सात वर्षांच्या आसपास सगळ्यात जास्त होणारं. त्याचं वर्गीकरण वेगळं, गार्टलँड या सर्जननी १९५९ साली केलेलं. टाईप १ म्हणजे तडा आहे पण सरकलेलं नाही, टाईप २ म्हणजे समोरून उघडलंय पण मागची बाजू बिजागरीसारखी धरून आहे, टाईप ३ म्हणजे पूर्ण सुटलंय. १ ला प्लास्टर पुरतं, ३ ला भूल देऊन बसवून तारा घालाव्या लागतात, आणि २ मधे किती वाकलंय ते बघून ठरतं. इथे नंबर म्हणजे सरळ सरळ तीव्रता. आता ताईंचा मूळ प्रश्न याच्या शेजारी ठेवून बघा. गार्टलँडचा नंबर सांगतो हाड किती सरकलंय, साल्टर हॅरिसचा नंबर सांगतो तडा कुठल्या वाटेने गेलाय. साल्टर हॅरिस २ केसभर सरकलेलं असू शकतं नाहीतर पूर्ण निसटलेलं, दोन्हीला २ च म्हणायचं. म्हणून नुसतं 'टाईप २' असं कोणी फोनवर सांगितलं की आम्ही पहिला प्रश्न विचारतो, कुठल्या हाडाचं आणि कोणाचं टाईप २.

हा घोळ टळावा म्हणून एओ या संस्थेने मुलांच्या फ्रॅक्चरसाठी एक कोड बनवलाय. मनगटाला लिहायचं २३, त्यातला २ म्हणजे कोपराखालचा हात, ३ म्हणजे खालचं टोक, मग ई म्हणजे चकती आणि टोकाचा भाग, मग २ म्हणजे साल्टर हॅरिस २. टोरस असेल तर ई च्या जागी एम येतो, म्हणजे दांडा आणि टोक यांच्या मधला भाग. त्यात एक छान युक्ती आहे, दांडा कुठे संपला आणि हा मधला भाग कुठे सुरू झाला हे ठरवायला चकतीच्या रुंदीएवढा चौकोन हाडावर मांडायचा, फ्रॅक्चर चौकोनात असेल तर एम, बाहेर असेल तर दांडा. अभ्यासासाठी फार चांगलं आहे, पण रात्री दोन वाजता कॅज्युअल्टीमधे कोणी कोड बोलत नाही, साल्टर हॅरिसच बोलतात.

आई_इंदिरानगर

तुम्ही सगळ्यांनी एवढं लिहिलंत, मला काय बोलावं कळत नाहीये. येवल्याच्या दादांचा मेसेज सासूबाईंना मोठ्याने वाचून दाखवला. त्या बराच वेळ काही बोलल्या नाहीत, मग उठून नातवाची बोटं एकेक करून दाबून बघितली आणि म्हणाल्या गरम आहेत ना रे. हाडवैद्याचा विषय संपला.

आणि डॉक्टर, तो टवका दिसला. स्वयंपाकघराच्या खिडकीत बाजूचा फोटो धरला, आधी दिसेना, मग मुलानेच बोट ठेवलं, आई हा बघ त्रिकोण. खरंच डाळीएवढा आहे. तेव्हापासून का कोण जाणे भीती निम्मी झाली, काय झालंय ते डोळ्याने दिसलं म्हणून असेल.

आता दोनच विचारते. बसवल्यानंतरच्या एक्सरेत अजून थोडंसं तिरकं दिसतंय, डॉक्टर म्हणाले चालेल, ते खरंच चालतं का? आणि वाढीवर लक्ष कधीपर्यंत ठेवायचं?

ऑर्थो_रेसिडेंट

थोडं तिरकं या वयात चालतं, आणि कितीही हळहळ वाटली तरी ते पुन्हा पुन्हा दाबून सरळ करायचं नसतं. कारण सांगतो. रेडियसची लांबी जी वाढते त्यातली पाऊण किंवा जास्तच वाढ मनगटाच्या चकतीतून होते, तुमच्या मुलाची अजून कितीतरी वर्षांची वाढ शिल्लक आहे, आणि बाक मनगट ज्या दिशेने वर खाली वाकतं त्याच दिशेत आहे. वय लहान, चकती जवळ, बाक सांध्याच्या हालचालीच्या दिशेत, तिन्ही गोष्टी जुळल्या की हाड वाढता वाढता स्वतःला सरळ करून घेतं. जे सुधारत नाही ते म्हणजे पीळ, हाड स्वतःभोवती फिरलेलं असेल तर ते तसंच राहतं. आणि आठवडा-दहा दिवस उलटले की चकतीचं फ्रॅक्चर जुळायला लागलेलं असतं, तेव्हा जोर लावून हलवलं तर चांगल्या पेशींनाच इजा होते, वाढ अडकायचं कारण तो जोरच ठरू शकतो. म्हणूनच पहिल्या आठवड्याचा एक्सरे चुकवायचा नाही, काही बदलायचं असेल तर तेव्हाच बदलता येतं. पहिल्या दवाखान्यात तीन आठवड्यांनी या म्हणाले होते ना, ते टोरसला चाललं असतं, याला नाही.

वाढीचं म्हणाल तर प्लास्टर निघालं, हात चालायला लागला, दुखणं थांबलं, की बहुतेक लोक परत येतच नाहीत. तुम्ही या. सहा महिन्यांनी एक एक्सरे आणि वर्षाने एक, तुमचे डॉक्टर तारखा देतील त्या पाळा. त्यात आम्ही एक बारीक पांढरी आडवी रेघ शोधतो, दुखापतीच्या वेळी वाढ काही दिवस मंदावते त्याची ती खूण, झाडाच्या खोडातल्या वलयासारखी. ती रेघ चकतीला समांतर वर सरकत गेलेली दिसली म्हणजे चकती सगळीकडून सारखी वाढतेय. रेघ तिरकी होऊन एका जागी चकतीला चिकटलेली दिसली तर तिथे पूल झालाय, आणि तो लवकर सापडला तर त्यावर उपाय करता येतात.

आई_इंदिरानगर

अपडेट देते. आज सातव्या दिवशीचा एक्सरे झाला, हाड हललेलं नाही, डॉक्टर म्हणाले अजून तीन आठवडे प्लास्टर आणि मग बघू. या वेळी मी विचारलं, सहा महिन्यांनी वाढीची रेघ बघणार ना, तर त्यांनी मान वर करून बघितलं, हसले, आणि स्टूल ओढून मला फोटोवर पेनाने चकती दाखवली. दहा मिनिटं दिली त्यांनी. सहा महिन्यांची तारीख फाईलच्या कव्हरवर लिहिलीय आणि मोबाईलमधे पण टाकलीय.

एक्सरे_टेक्निशियन

छान झालं ताई. फक्त पहिल्या दवाखान्यातला एक्सरे टाकून देऊ नका, त्याच फाईलमधे राहू द्या, आणि सहा महिन्यांनी जाल तेव्हा सगळे फोटो तारखेप्रमाणे लावून न्या. शक्यतो त्याच सेंटरला काढा म्हणजे पोझिशन आणि अंतर सारखं येतं, तुलना करायला बरं पडतं.